मयत शिंप्याच्या माथी मारलेले छत

प्रति,
मा. कार्यकारी अभियंता,
शासकीय इमारती बांधकाम विभाग.

(वैद्यकीय अधीक्षकांनी हा अर्ज त्यांच्यामार्फत पाठवण्यास नकार दिल्याने समक्ष सादर.)

विषय : कर्मचारी निवासातील छत कोसळल्याची जबाबदारी अर्जदाराच्या मयत पतीवर ठेवणारा आदेश रद्द करण्याबाबत, तसेच सदर खोली यापुढे कोणास राहावयास द्यावी याबाबत.

संदर्भ : १) संयुक्त पाहणी अहवाल. २) खोली रिकामी करण्याचा आपला आदेश. ३) अर्जदाराचे यापूर्वीचे अर्ज, ज्यांची पोच मिळाली, उत्तर मिळाले नाही.

महोदय,

१. अर्जदार ही शासकीय रुग्णालयात स्त्रियांच्या शल्यकक्षात परिचारिका असून रुग्णालयामागील कर्मचारी इमारतीत दुसऱ्या मजल्यावर पतीसह राहत होती. पती शिंपी होते. त्यांना सगळे मास्तर म्हणत. बाहेरच्या खोलीत खिडकीपाशी त्यांचे पायमशीन होते आणि रुग्णालयातल्या निम्म्या लोकांच्या अंगावरचे कपडे त्या मशीनवरून उतरलेले होते. आपल्या विभागाच्या शाखा अभियंत्यांची पँट त्यांनीच कमरेत सैल करून दिली होती, ही बाब केवळ ओळख पटावी म्हणून नमूद केली आहे.

सदर इमारत ज्या कंत्राटदाराने बांधली तो अर्जदाराचा सख्खा थोरला भाऊ आहे. अर्जदाराने हे नाते कधी लपवले नाही. उलट खोलीचा ताबा मिळाला तेव्हा शेजारणींना मोठ्या तोऱ्यात सांगितले की, हे माझ्या दादाच्या हातचे काम आहे. त्या दिवशी आईही आली होती. तिने खोलीभर फिरून भिंतींवरून हात फिरवला, मुलगा शाळेत पहिला आल्यासारखा.

२. छत पडले तेव्हा अर्जदार कामावर होती. दुपारची औषधे वाटून झाली होती. मागच्या बाजूने मोठा आवाज झाला, खिडक्या थरथरल्या, आणि कोणाच्या तरी घरात सिलिंडर फुटला असे सगळे म्हणाले. थोड्या वेळाने अपघात विभागात हात कमी पडतात म्हणून अर्जदाराला खाली बोलावले. तेथे एक माणूस स्ट्रेचरवर होता. डोक्यापासून पायापर्यंत पांढरा, भुवया पांढऱ्या, ओठ पांढरे. अर्जदाराने नेहमीच्या सवयीने त्याच्या तोंडावरची धूळ ओल्या कापसाने पुसायला घेतली आणि आणणाऱ्यांना विचारले, "नातेवाईक कोण आहेत?" कोणी उत्तर देईना. मग कापूस नाकाच्या खाली आला, तेव्हा अर्जदाराला उत्तर मिळाले.

छताचा मोठा तुकडा आधी मशीनवर आदळून तिरका झाला म्हणून डोके वाचले. कणा वाचला नाही. कमरेखाली संवेदना राहिली नाही.

३. यानंतर जबाबदारीचा प्रश्न उपस्थित झाला. अर्जदार शिकलेली आहे ती रुग्णांची सेवा. कंत्राटाची भाषा तिला आपल्या कार्यालयाच्या व्हरांड्यात बसून कळली. ती अशी की, काम पूर्ण झाल्यापासून ठरावीक काळापर्यंत इमारतीत जे दोष निघतील त्यांची भरपाई व दुरुस्ती कंत्राटदाराने स्वतःच्या खर्चाने करावयाची असते. यास दोषदायित्व कालावधी म्हणतात. आपल्या विभागाचे म्हणणे, हा कालावधी कार्यपूर्तीच्या दाखल्यापासून मोजावा, म्हणजे तो अजून चालू आहे आणि कंत्राटदार जबाबदार आहे. कंत्राटदाराचे म्हणणे, तो माणसे राहायला आली तेव्हापासून मोजावा, म्हणजे तो संपला आणि जबाबदार विभाग आहे. विभागाला कंत्राटदाराचे म्हणणे मान्य करवेना, कारण मग भरपाई विभागाच्या अंगावर येते. आणि स्वतःचे म्हणणेही नेटाने मांडवेना, कारण मग कार्यपूर्तीचा दाखला नसतानाच आमची बिऱ्हाडे तेथे का भरली, हा प्रश्न येतो.

आई जेवू घालीना, बाप भीक मागू देईना, अशी अर्जदाराची गत झाली. निर्णय होईपर्यंत पुरावा हलवू नये असा तोंडी हुकूम झाल्याने पडलेला मलबा जागच्या जागी ठेवावा लागला. रुग्णालयाला खाट हवी होती, म्हणून पतीला घरी सोडले. दुसरी खोली रिकामी नव्हती. आतली खोली इतकी अरुंद की, खाटेच्या दोन्ही बाजूंनी उभे राहून त्यांची कूस बदलता येत नसे. तेव्हा त्यांची खाट बाहेरच्याच खोलीत, छत शाबूत होते त्या अर्ध्या भागाखाली लावली. ते दिवसभर पडून आपल्या मशीनकडे पाहत. मशीन मलब्याखाली होते, फक्त चाक बाहेर होते. एकदा शेजारच्या बाईने ते ओढून काढू म्हटले, तर शाखा अभियंता म्हणाले की, मशीन कोणत्या बाजूने दबले आहे हाही पुराव्याचा भाग आहे.

४. दादा पहिल्या आठवड्यात रोज येत होता. खाटेशेजारी बसून रडलाही. मग एकाएकी यायचा बंद झाला. अर्जदाराने फोन केला तर वहिनीने उचलला. ती अडखळत म्हणाली की, वकिलांनी सांगितले आहे, भेटायला गेलात, औषध आणून दिलेत, की जबाबदारी मान्य केल्यासारखे होते. नुसती विचारपूससुद्धा उद्या लवादापुढे तुमच्या विरुद्ध जाईल. अर्जदाराने तिला एवढेच सांगितले की, मास्तर रोज दादाची वाट बघतात. पलीकडून फोन ठेवण्यात आला. वकिलांचा तसाही सल्ला असावा.

५. त्यानंतर एके दुपारी अर्जदार कामावर असताना दादा, आई आणि दादाच्या कामावरचा एक माणूस असे तिघे घरी आले. जे घडले ते पतीने अर्जदारास मागाहून सांगितले. ते तुकड्या-तुकड्यांनी सांगितले, एकदम सांगितले नाही.

दादाने एक लिहून आणलेला जबाब काढला. त्यात असे होते की, मशीनवर दिवा टांगण्यासाठी मी स्वतः, कोणाला न विचारता, छताला भोके पाडून हूक बसवला व त्यामुळे छत कमजोर झाले. पतीने सांगितले की, दिवा खिडकीच्या गजाला बांधलेला होता आणि हे दादाला चांगले माहीत आहे, कारण तार त्यानेच आणून दिली होती. दादा म्हणाला, "भावोजी, अहो, सरकार काय घरातल्या माणसाला फासावर देतंय? माझं नाव काळ्या यादीत गेलं तर मी मेलो. मी राहिलो तर तुमचं ऑपरेशन मी करतो, मोठ्या दवाखान्यात. नंतर दोघं माझ्याकडेच राहा, तळमजल्यावर."

पतीने कागद हातात घेतला नाही. तेव्हा आई उठली आणि तिने जावयाच्या पायावर डोके ठेवले. पायाला काही कळत नसल्याने पतीला ते आधी समजले नाही. आई दिसेनाशी का झाली म्हणून त्यांनी मान उचलून पाहिले, तेव्हा पावलांवर तिचे पांढरे केस दिसले. त्यांनी सही केली.

मग दादाच्या माणसाने स्टूल घेतले आणि ड्रिल मशीन काढले. जबाब झाला, पण छताला भोके नव्हती. ती पाडणे राहिले होते. खाट सरकवायला जागा नव्हती, माणूस उभा राहील एवढे अंतर सोडून एका बाजूला भिंत आणि दुसऱ्या बाजूला पुरावा. दादा म्हणाला, "भावोजी, डोळे मिटून घ्या. धूळ पडेल."

त्यांनी डोळे मिटले. ज्या छताने त्यांचे पाय नेले, त्याच्या उरलेल्या भागात त्यांच्या तोंडाच्या बरोबर वर ड्रिल चालवले गेले, आणि त्या मिटलेल्या डोळ्यांमागे त्यांना काय वाटले ते त्यांनी अर्जदाराला सांगितले नाही. इतकेच म्हणाले की, आईने पदर त्यांच्या नाकावर धरला होता.

६. अर्जदार घरी आली तेव्हा त्यांच्या भुवया पुन्हा पांढऱ्या होत्या. उशाच्या पेल्यातल्या पाण्यावर साय धरावी तशी भुकटी होती. सगळे कळल्यावर अर्जदाराचा राग अनावर झाला आणि तो भलत्याच माणसावर निघाला. त्या संध्याकाळी कूस बदलताना तिने त्यांना नेहमीपेक्षा जोरात वळवले. भिंतीकडे तोंड करून त्यांनी एकच सांगितले, "माझे पाय गेलेच आहेत. तुझं माहेर तरी राहू दे."

७. संयुक्त पाहणी लगेच झाली. शाखा अभियंत्यांनी भोकांत पेन्सिल घालून ती किती खोल आहेत ते मोजले. अर्जदाराने त्यांना हात जोडून सांगितले की, भोके ताजी आहेत, बोट लावा, कडा अजून पांढऱ्या आहेत. शेजारी तुटलेल्या भागातून सळया लोंबत आहेत, त्या गंजून पापुद्रे सुटले आहेत, त्यांच्याकडे बघा. ते म्हणाले की, पाहणी जबाबाच्या अनुषंगाने करावयाची आहे आणि जबाबात सळयांचा उल्लेख नाही. दादा तेथेच उभा होता. तो पूर्ण वेळ खिडकीबाहेर बघत होता.

अहवाल निघाला. त्यात विभाग निर्दोष, कंत्राटदार निर्दोष, आणि शिंपी जबाबदार. कालावधी दाखल्यापासून मोजावा की ताब्यापासून, हा वादच मिटला. दोघांनाही जबाबदार माणूस मिळाला, आणि तो असा की, उठून जाऊ शकत नव्हता. चोर सोडून संन्याशाला फाशी, असे म्हणण्याची सोय नाही, कारण या संन्याशाने सही केली होती.

८. दादाने ऑपरेशनचे नाव पुन्हा काढले नाही. अहवाल हाती आल्यावर तर वकिलांनी त्याला स्पष्टच सांगितले असणार की, शासनाने ज्याला दोषी धरले त्याच्यावर खर्च करणे संशयास्पद दिसेल. पतीने महिनाभर वाट पाहिली आणि मग आपण होऊन अर्जदाराला म्हणाले की, जबाब मागे घ्यायचा आहे. अर्जदाराने तसा अर्ज लिहून त्यांची सही घेऊन आपल्या कार्यालयात दिला. लिपिकाने तो परत केला. जबाब देणाऱ्याने स्वतः हजर राहिले पाहिजे, असे उत्तर मिळाले.

आपले कार्यालय वरच्या मजल्यावर आहे. लिफ्ट बसवणारा आणि विभाग यांच्यात जबाबदारीचा वाद चालू असल्याने लिफ्ट बंद आहे. अर्जदाराने कक्षसेवकांना गयावया करून बरोबर घेतले. पतीला स्ट्रेचरवर चादरीने घट्ट बांधले. जिन्याच्या वळणावर स्ट्रेचर वळेना, तेव्हा ते जवळजवळ उभे करावे लागले. इतक्या दिवसांत ते पहिल्यांदा उभे राहिले. म्हणाले, "बघ, मी तुझ्यापेक्षा उंच आहे, विसरली होतीस." सगळे हसले. मग त्यांना भोवळ आली.

वरच्या व्हरांड्यात दादा समोरून आला. त्याच्या हातात नकाशांची गुंडाळी होती. तो भिंतीला चिकटून उभा राहिला आणि त्याने स्ट्रेचरला वाट करून दिली, जशी रस्त्यात परक्याला देतात.

महोदय, पुढचे आपण जाणता. पतीला पाहून आपण खुर्चीवरून उठलात, आपल्या टेबलावरचा पंखा त्यांच्याकडे वळवलात, याची अर्जदार कृतज्ञतापूर्वक नोंद घेते. आपण सांगितलेत की, अहवाल संयुक्त आहे, त्यावर कंत्राटदाराचीही सही आहे, तेव्हा जबाब मागे घेण्यास त्याची ना-हरकत लागेल. सुदैवाने तो बाहेरच आहे, असे म्हणून आपण त्याला आत बोलावलेत. दादा दारातच थांबला. पती त्याच्याकडे बघत होते. तो आपल्याकडे बघत म्हणाला, "माझी हरकत आहे, साहेब."

आपण ती हरकत नोंदवून घेतलीत. खाली जाताना स्ट्रेचर पुन्हा उभे करावे लागले. या वेळी ते काही बोलले नाहीत.

९. पडून पडून पाठीला झालेली व आता भरत आलेली जखम बांधलेल्या चादरीने फाटली. ताप चढला. अर्जदाराने अशा जखमा आयुष्यभर धुतल्या आहेत आणि पहिल्या ड्रेसिंगलाच वासावरून तिला कळले की, हे आता थांबणार नाही. ते पुरुष शल्यकक्षात वारले. शुद्ध होती तोवर ते चिमटीत चादरीची कड धरून शिवण तपासत होते. रुग्णालयाच्या त्या चादरी त्यांनी शिवलेल्या नव्हत्या. टाका सैल आहे, असे म्हणाले.

अंत्यविधीला दादा आला. वकिलांनी परवानगी दिली असावी, कारण आता विचारपूस करण्यासारखे कोणी उरले नव्हते. आई गाडीतच बसून राहिली. अर्जदार तिच्याजवळ गेली, तेव्हा तिने काच अर्धी खाली केली, अर्जदाराच्या गालावरून हात फिरवला आणि समजावणीच्या सुरात म्हणाली, "नवरा काय, आज ना उद्या जायचाच होता, अंथरुणाला खिळलेला माणूस. भाऊ वाचला म्हणून तुला माहेर उरलं. त्याला शिव्या देऊ नको." मग वारा लागतो म्हणून काच वर केली.

कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ, ही म्हण अर्जदाराला आईनेच लहानपणी शिकवली होती. दांडा कोण आणि गोत कोण, हे तिने सांगितले नव्हते.

१०. यानंतर आपल्या कार्यालयाचे पत्र आले. त्यात असे होते की, जबाब देणारा मयत झाल्याने जबाब मागे घेण्याची विनंती निकाली काढण्यात येत आहे व मूळ जबाब कायम समजण्यात येत आहे. म्हणजे जिवंतपणी त्यांना आपला जबाब खोटा ठरवता आला नाही, आणि मरून त्यांनी तो खरा केला. पाठोपाठ शासकीय मालमत्तेचे नुकसान करणाऱ्या इसमाचे कुटुंब म्हणून खोली रिकामी करण्याचा आदेश आला. छताच्या दुरुस्तीचे काम, कंत्राटदार निर्दोष असल्याने व इमारतीची माहिती त्यालाच असल्याने, त्यालाच देण्यात आले. नवा दोषदायित्व कालावधी सुरू झाला आहे, असे शाखा अभियंता मोठ्या समाधानाने म्हणाले.

मलबा एका सकाळी उचलून नेला. मशीनही त्यातच गेले. गंजलेल्या सळया कोणी बदलल्या नाहीत; त्यांना ब्रशने सिमेंटचे पाणी फासले आणि वरून गिलावा केला. अर्जदार दारात उभी राहून बघत होती. छत आता गुळगुळीत व पांढरेशुभ्र आहे. खालून काठीने ठोकले तर रिकाम्या डब्यासारखे वाजते. कंत्राटदाराने ते भक्कम असल्याचे लिहून दिले आहे आणि आपण त्यावर सही केली आहे.

११. काल खोली बघायला रुग्णालयाच्या प्रयोगशाळेतला नवा तंत्रज्ञ आणि त्याची बायको आली. ती पोटुशी आहे, दिवस भरत आले आहेत. तिने सगळीकडे फिरून पाहिले आणि विचारले की, वारा कुठे चांगला येतो, बाळाला तिथे झोपवीन. अर्जदाराने सांगितले की, खिडकीपाशी, कारण वारा तेथेच येतो. मग तिने त्या दोघांना छताबद्दलही सांगितले, सगळे सांगितले. तंत्रज्ञ नम्रपणे ऐकून घेऊन म्हणाला, "पण ताई, तुमच्या मिस्टरांनी भोकं पाडली होती ना? आम्ही नाही पाडणार." त्याच्या बायकोने त्याला डोळ्यांनी दटावले आणि अर्जदाराचा हात धरला. ती दोघे पुढच्या सोमवारी सामान आणणार आहेत.

सबब विनंती की,

पतीवर जबाबदारी ठेवणारा आदेश रद्द करावा. ते शक्य नसल्यास त्यांच्या नावापुढील "नुकसान करणारा इसम" हे शब्द काढून "शिंपी" एवढे लिहावे.

तंत्रज्ञाच्या कुटुंबाला ही खोली देऊ नये. दुसरी देता येत नसेल तर बाळ होईपर्यंत अर्जदार त्यांना रुग्णालयाच्या परिचारिका-विश्रांतिगृहातील स्वतःची जागा देण्यास तयार आहे.

सदर खोली नवा दोषदायित्व कालावधी संपेपर्यंत कंत्राटदारास राहण्यासाठी देण्यात यावी. छत भक्कम असल्याचे त्याने लिहून दिलेले असल्याने त्याची यास हरकत असण्याचे कारण नाही, व आपली सही असल्याने आपलीही नसावी. वहिनी व मुले यांचा या प्रकरणी काही संबंध नसल्याने त्यांना सक्ती करू नये. कंत्राटदाराने मात्र आपल्या आईला बरोबर आणावे. तिचे मुलाशिवाय कोणी नाही, हे तिने स्वतःच कृतीने दाखवून दिले आहे.

आईला आता जिने चढवत नाहीत, अशी अडचण कोणी सांगेल. ती अडचण राहणार नाही. अर्जदार रजा टाकून तिला पाठीवर घेऊन वर आणील, खिडकीपाशी वाऱ्याला झोपवील, पांघरूण नीट करील, आणि बाहेरून दार ओढून घेऊन आपल्या आदेशाप्रमाणे खोली रिकामी करील.

आपल्या विभागाच्या छताखाली आजच्या दिवसापुरती राहणारी,

(सही)
अर्जदार,
परिचारिका, स्त्री शल्यकक्ष

दिनांक : आपल्या आदेशातील मुदतीचा शेवटचा दिवस

सोबत : १) पतीच्या मृत्यूच्या दाखल्याची प्रत. २) जबाब मागे घेण्याचा त्यांचा अर्ज, सहीसह, आपल्या लिपिकाने परत केलेला.
प्रत माहितीसाठी : कंत्राटदार. (आईला वाचता येत नाही. त्याने वाचून दाखवावे.)